कानाने घेतलेलं माप

६ मार्च

साहेब,

(भाचा म्हणून खाली हाक मारीन. आधी काम.)

तुझा लेख वाचला. 'संरक्षण उद्योग : देशाच्या अर्थकारणाचा कणा.' माझा चष्मा कारखान्यात राहिला होता, म्हणून मामीने मोठ्याने वाचून दाखवला. सरकारने एका तोफगोळ्यावर पैसा खर्च केला की तो कारागिराकडे जातो, कारागिराकडून दुकानदाराकडे, दुकानदाराकडून शिंप्याकडे, आणि असा फिरत फिरत देशाला वाढून परत मिळतो, असं तू लिहिलं आहेस. मामीला फारच आवडलं. वाचून झाल्यावर म्हणाली, "मग आपल्या अंगणात येऊन तो पाय पसरून का बसलाय?"

तुझ्या लेखात तोफगोळा आहे, कणा आहे, देश आहे, पण खटका नाही. म्हणून सांगतो. आमच्या गावातला मोठा सरकारी कारखाना गोळे बनवतो. गोळ्याला राहायला पत्र्याचा डबा लागतो, आणि डब्याचं झाकण मिटून राहावं म्हणून खटका. डबा माझे व्याही बनवतात. खटका मी. माझा खटका आधी सरकारी तपासणी खोलीत पास होतो, मग व्याह्यांकडे जाऊन डब्यावर बसतो. या खटक्यावर माझ्याकडची बावीस घरं चालतात आणि तेविसावं माझं.

खटक्यात करंगळीएवढी दांडी असते. ती मापात आहे का हे पाहायला तपासणी खोलीत पोलादी कडं असतं. खरं तर दोन हवीत : एकातून दांडी गेली पाहिजे, दुसऱ्यातून जाता कामा नये. आमच्याकडचं दुसरं कडं कुणाच्या तरी कारकिर्दीत हरवलं. कोणी म्हणतं खिडकीच्या पडद्याला गेलं, कोणी म्हणतं एका साहेबांच्या किल्ल्यांना. तेव्हापासून आमचे जुने इन्स्पेक्टर पहिल्याच कड्यात दांडी घालायचे, कानाशी नेऊन हलवायचे आणि डोळे मिटून ऐकायचे. खुळखुळली तर माल परत. गप्प बसली तर पास.

आता पोलाद झालं तरी झिजतंच. कडं झिजलं की दांडी बोलायला लागायची. दांडी बोलली की आम्ही ती केसभर जाड करायचो. मग पुन्हा शांतता. दांडी जाड झाली म्हणून व्याह्यांनी डब्याचं भोक मोठं केलं. कुणाची तक्रार नाही, कुणाचं भांडण नाही. (व्याह्यांशी माझं भांडण आहे ते वेगळं. लेकीच्या लग्नाच्या फोटोत त्यांनी मला अर्धा कापला.)

आणि मग तुझ्या खात्याने नवी कडी पाठवली. जोडीने. मखमली पेटीत, जशा काही लग्नाच्या अंगठ्या. त्या कड्यात माझी एकही दांडी शिरत नाही. जुन्या इन्स्पेक्टरांना निवृत्तीला पाठवलं, त्यांच्या जागी तात्पुरता आलेला मुलगा फक्त मान हलवतो. सगळा लॉट परत आला आणि गोण्या अंगणात आहेत.

भाच्या, तू तिथे मापांच्या विभागात बसतोस. एक पत्र लिही, की या गावाला जुनं कडं चालू द्या. एवढंच. आम्ही कुणाचं काय वाकडं केलंय?

तुझा मामा

---

१४ मार्च

मामा,

नमस्कार. पत्र पोचलं. लेख मामींना आवडला हे वाचून बरं वाटलं.

तुमच्या पत्रातल्या मजकुरावर मी काही लिहू शकत नाही. मी ज्या खात्यात आहे त्या खात्याला माल देणाऱ्या नातेवाइकाशी मालाबद्दल पत्रव्यवहार करणं नियमात बसत नाही. तुमचं पत्र मी घरच्या कपाटात ठेवलं आहे, ऑफिसात नेलेलं नाही. एवढंही मी करायला नको होतं.

सर्वसाधारण माहिती म्हणून सांगतो, आणि ही कुणालाही सांगता येते : नवी कडी एकट्या तुमच्या गावाला नाही, सगळ्या गावांना गेली आहेत. माल ड्रॉइंगप्रमाणे असला की पास होतो. ड्रॉइंग तुमच्याकडे असेलच. नसेल तर अर्ज करून मिळतं.

आईचे गुडघे दुखतात. बाकी सगळे ठीक.

आपला

---

२ एप्रिल

फूटपट्टी,

लहानपणी तुला हे नाव मीच ठेवलं होतं. ताटातला पापुद्रासुद्धा भावंडांत मोजून वाटायचास. आज कळलं, नाव ठेवण्यात मी फार कमी पडलो.

"ड्रॉइंग असेलच." अरे, आहे! काचेत लावून भिंतीवर टांगलंय. आमच्या कारखान्याला पहिली ऑर्डर मिळाली तेव्हाचं. त्यावर सांडलेला चहा अजून दिसतो. मी एका लेथवर सुरुवात केली ती त्याच कागदावर. तेव्हा मला ड्रॉइंग वाचायला शिकवू नकोस.

तुझा सल्ला मानला. दहा दिवस खपून लेथ नव्याने लावले, ड्रॉइंगप्रमाणे बारीक दांड्या कातल्या. तपासणी खोलीत नेल्या. एका कड्यातून गेली, दुसऱ्यातून नाही गेली. पोराने मान उभी हलवली. पास! मी पेढे वाटायच्या तयारीत. माल टेम्पोत घालून व्याह्यांच्या दारात.

व्याह्यांनी एक खटका उचलला, डब्याच्या भोकात घातला. दांडी आत गेली आणि दुसऱ्या बाजूने बाहेर येऊन त्यांच्या चपलेवर पडली.

"हे काय?" म्हणाले.

"खटका," म्हटलं. "सरकारमान्य."

"मग सरकारच्या डब्यांवर लावा. माझ्या डब्यावर तो नाचतोय."

"भोक लहान करा."

"का म्हणून? माझे सहा महिन्यांचे डबे भोकं पाडून तयार आहेत. भोक बुजवायचं काही मशीन आहे का तुमच्याकडे? तुम्ही दांडी जाड करा."

"जाड केली तर सरकार घेत नाही."

"मग तो तुमचा प्रश्न," म्हणाले आणि वळून आत गेले. लग्नातही असेच वळून आत गेले होते.

तेव्हा आता ऐक. जाड दांडी सरकार घेत नाही, बारीक दांडी व्याही घेत नाहीत. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. व्याह्यांचे डबे खटक्याविना, मोठ्या कारखान्याचे गोळे डब्याविना. गोळे भरायला जागा नाही म्हणून त्यांनी एक पाळी बंद केली. तुझ्या लेखातला फिरणारा पैसा बघायला ये. चहावाल्याने दुधाचा रतीब निम्मा केला. दूधवाल्याने म्हशीचा सौदा मोडला. सायकल दुकानदार दारात बसून स्वतःच्याच सायकलचं पंक्चर काढतो, कारण दुसरी नाही. शाळेच्या गणवेशाचं कापड शिंप्याकडे तसंच पडलंय. माझी माणसं आठवड्यातले तीन दिवस येतात आणि त्यातले दोन दिवस मशीन पुसतात. परवा आमचा जुना फिटर म्हणाला, "शेठ, कुठं मिळेल का दुसरं काही, विचारून ठेवू का?" मी म्हटलं विचार. घरी आल्यावर जेवलो नाही. मामीने विचारलं तेव्हा पोट बिघडलंय म्हणून सांगितलं.

देशाचा कणा म्हणे! हा तुझा कणा एका करंगळीएवढ्या दांडीने लचकला.

तू स्वतःला निःपक्षपाती दाखवायला मामाचाच गळा धरलास, हे मला कळतं. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ. पण मी आता गप्प बसणार नाही. आमची कारखानदारांची मंडळी आहे, सगळ्यांच्या सहीने वर लिहिणार आहे, अगदी वर.

मामा

---

११ एप्रिल

मामा,

वर लिहू नका. हात जोडून सांगतो. का ते सांगणं मला शक्य नव्हतं, आणि अजूनही नाही, पण सांगतो. वाचून झालं की हे पत्र जाळून टाका.

गेल्या हिवाळ्यात मला सीमेवरच्या एका चौकीवर पाठवलं होतं. तिथलं काम दुसरंच होतं. परतताना कोठाराशी थांबलो. एक जवान डब्याच्या खटक्यावर दगडाने ठोकत होता. डबा भरलेला होता, मामा. आत गोळे. मी मागे सरकलो. तो हसला. म्हणाला, "साहेब, घाबरू नका, रोजचंच आहे. डबा एका गावचा, खटका दुसऱ्या गावचा. मूळचा खटका रस्त्यात तुटला की सुट्या भागांतला लावायचा, आणि हा जाडा काही केल्या शिरत नाही." पलीकडे दुसरा डबा होता. त्याची तऱ्हा उलटी : भोक मोठं आणि खटका बारीक. तो त्यांनी बुटाच्या लेसने बांधला होता. बर्फात बुटाला लेस नसली तर काय होतं हे मी लेस देणाऱ्या जवानाच्या पायाकडे पाहून शिकलो.

तुम्ही म्हणता कुणाची तक्रार नव्हती. नव्हती, कारण तुमचा डबा आणि तुमचा खटका एकमेकांना ओळखतात. गावाबाहेरच्या कुणालाच ओळखत नाहीत. ड्रॉइंग असतं ते यासाठी.

त्या ठोकलेल्या खटक्यावर एक ठसा होता. मी लहानपणी सुट्टीत तुमच्याकडे यायचो तेव्हा तोच ठसा मी ओल्या मातीत उमटवत बसायचो. पाहिल्याबरोबर ओळखला.

नियमाप्रमाणे मी अहवालात बनवणाऱ्याचं नाव लिहायला हवं होतं. ते लिहिलं असतं तर चौकशी एका कारखान्याची झाली असती, आणि तो कारखाना यादीतून कायमचा गेला असता. मी लिहिलं की दोष सर्वत्र असण्याची शक्यता आहे, सगळ्या गावांची कडी बदलावी. म्हणून सगळीकडे गेली. मी निःपक्षपाती नाही, मामा. माझ्या नोकरीत मी एकदाच पक्षपात केला आहे.

आता ही चौकशी उघडायला कुणाला कारण मिळू नये एवढंच मला हवं. म्हणून म्हणतो, वर लिहू नका. व्याह्यांशी बोला. दोघांनी एकाच दिवशी बदलायचं ठरवलं की प्रश्न संपतो. एवढी सोपी गोष्ट आहे.

आपला

---

३० एप्रिल

प्रिय भाच्या,

तुझं पत्र जाळलं. मामी म्हणाली, कसला धूर येतोय. म्हटलं, बिलं.

काय लिहू? त्या दिवशी कारखान्यात गेलो आणि अंगणातल्या गोण्यांकडे पाहत उभा राहिलो. मी त्यांना इतके दिवस सरकारने नाकारलेला चांगला माल समजत होतो. कुणीतरी थंडीत माझ्यावर दगड घालत होतं आणि मला इथे कळलंसुद्धा नाही. वर तुलाच शिव्या घातल्या. त्यातल्या पत्रात लिहिलेल्या परत घेतो. मनातल्या पुष्कळ होत्या, त्या हळूहळू घेईन.

"एवढी सोपी गोष्ट आहे," असं तू लिहितोस. तुला व्याही नाहीत म्हणून. होतील तेव्हा बोलू.

गेलो त्यांच्याकडे. दार लेकीने उघडलं. मला पाहून तिचा चेहरा असा झाला, जसा काही कुणी गेल्याचा निरोप घेऊन आलोय. व्याही ओट्यावर वर्तमानपत्र वाचत होते, वाचतच राहिले.

"आधी तुम्ही भोक लहान करा, मी त्याच दिवशी दांडी बारीक करतो," मी म्हटलं.

"आधी तुम्ही दांडी बारीक करा," वर्तमानपत्र म्हणालं.

"मी करून बसलोय! दोन गोण्या पास होऊन पडल्यात!"

"मग मी भोकं पाडून बसलोय."

लेक म्हणाली, "बाबा, मामंजी, तुम्ही दोघं एकदमच बसा की."

"तू गप," आम्ही दोघं एकदम म्हणालो. त्या घरात आमचं एकमत झालेलं हे पहिलंच.

शेवटी मी तिला आत पाठवलं आणि त्यांना दगडाची गोष्ट सांगितली. तुझं नाव नाही, जागेचं नाव नाही. एका जवानाने भरल्या डब्यावर दगड घातला, इतकंच. वर्तमानपत्र खाली आलं.

"माझ्या डब्यावर?"

"डबा दुसऱ्या गावचा होता. खटका माझा होता."

"पण माझ्या डब्यांचंही असंच होत असेल."

"एक बुटाच्या लेसने बांधला होता. तुमचा की नाही कुणास ठाऊक, पण भोक मोठं होतं."

 ते उद्धट आहेत, कोते आहेत, फोटो कापतात, पण डबा हा त्यांचा जीव आहे. पत्र्याची कड बोटाला लागली तर ते कामगाराला नाही, स्वतःला शिवी देतात. मग म्हणाले, "सहा महिन्यांचे डबे मोडीत जातील."

"माझ्या गोण्याही जातील. एकाच गाडीने पाठवू. भाडं निम्मं निम्मं."

"गाडी माझ्या ओळखीची," म्हणाले. याला त्यांच्या भाषेत होकार म्हणतात.

तेव्हा पुढच्या सोमवारपासून दोघं बदलतोय. नुकसान आहे, पण बुडत नाही. जुन्या फिटरला सांगितलं, दुसरीकडे विचारू नकोस.

आता एक गोष्ट राहिली. तुझं पत्र यायच्या आधीच मंडळींचं निवेदन गेलं होतं, अगदी वर. घाबरू नकोस. त्यात चौकशी नाही, आरोप नाही, तुझं नाव तर नाहीच. रागाच्या भरात एवढंच लिहिलं की ज्याने हे माप ठरवलं त्या अधिकाऱ्याला खुर्चीतून उठवून या गावच्या तपासणीच्या टेबलावर उभं करा, म्हणजे त्याला कळेल. मजकूर माझा, पहिली सही व्याह्यांची. दुसऱ्या पत्राने मागे घेतोच आहे. आणि आलाच कुणी तर दोन दिवस येईल, चहा पिईल, जाईल.

मामा

---

९ जून

मामा,

निवेदन मान्य झालं.

इतक्या वर्षांत खात्याने कुठल्याही कारखानदारांचं निवेदन इतक्या झटपट मान्य केल्याचं कुणाला आठवत नाही. मोठे साहेब म्हणाले, "फार रास्त सूचना आहे. ज्याने माप ठरवलं त्यानेच तिथे उभं राहावं." दोन दिवसांसाठी नाही. बदली झाली आहे. तुमच्या गावचा इन्स्पेक्टर म्हणून मी पंधरा जुलैला रुजू होतो. निवेदन मागे घेणारं तुमचं पत्र खात्यात पोचलं तेव्हा ऑर्डर टाइप झाली होती.

तुम्हाला आनंद झाला असेल. पुढचं वाचेपर्यंत असू द्या.

रुजू होताना प्रत्येक इन्स्पेक्टरला लिहून द्यावं लागतं, की या गावात माल पुरवणाऱ्यांत आपलं कोण आहे. मी लिहून दिलं. मामा. नातेवाइकाचा माल इन्स्पेक्टरला तपासता येत नाही. तो बाहेरून येणाऱ्या अधिकाऱ्याने तपासायचा. बाहेरचा अधिकारी कधी येतो असं मी मोठ्या साहेबांना विचारलं. हसले. तीन गावांना मिळून एकच आहे आणि तो आजारी आहे.

म्हणजे तुमच्या गावात आता सगळ्यांचा माल पास होईल. फक्त तुमचा होणार नाही.

मी तुम्हाला वर लिहू नका म्हणून हात जोडले होते.

आणखी एक. मी तिथे सरकारी खोलीत राहीन. तुमच्याकडे येता येणार नाही. पुरवठादाराच्या घरी पाणीसुद्धा प्यायचं नाही असा नियम आहे. रस्त्यात भेटलात तर नमस्कार करीन.

आपला

---

२० जून

माझ्या शहाण्या भावा,

तुला अक्कल कधी येणार हे मी आईला विचारत असे. आई गेली, आता कुणाला विचारू?

माझा मुलगा सामान बांधतोय. सून बोलत नाही. बोलत नाही हे बरं, कारण बोलली तर तुझ्याबद्दल बोलेल. तिची इथली नोकरी, मुलीची शाळा, सगळं सोडून तो एकटा येणार, आणि का, तर मामाला राग आला होता!

त्याने मला सगळं सांगितलं. रात्री खोलीत येऊन बसला आणि सांगितलं. तेव्हापासून माझे गुडघे राहिले बाजूला, डोकं दुखतंय. म्हणाला, "आई, मी मामाला वाचवायला गेलो आणि मामाने आपल्याच पायावर धोंडा मारून घेतला." त्याला म्हटलं, तुझा मामा लहानपणी झाडावर चढून ज्या फांदीवर बसायचा तीच तोडायचा, तुला आता कळलं?

मी त्याला एक सुचवून पाहिलं. म्हटलं, मी लिहून देते की तो माझा भाऊ नाही. गेल्या दोन वर्षांत एकदा भेटायला आला नाहीस, तेव्हा ते फारसं खोटंही होणार नाही. तर तो म्हणाला, असं चालत नाही. नाही तर मी दिलं असतं, खरंच.

आता तू काहीतरी कर. पण वर लिहू नकोस! शेजाऱ्यालासुद्धा लिहू नकोस. आणि तो तिथे काय खातो ते बघ. तुझ्या घरी येणार नसेल तर खिडकीतून बघ. तो मापं बघताना जेवायचं विसरतो.

ताई

---

३ सप्टेंबर

ताई,

तुझ्या पत्राचं उत्तर द्यायला अडीच महिने लागले. वर लिहू नकोस म्हणालीस, म्हणून मी कुठेच लिहिलं नाही.

तुझा मुलगा आला. खिडकीतून बघायची गरज पडली नाही, रोज तपासणी खोलीच्या दारात दिसायचा. मला पाहिलं की उभा राहून नमस्कार करायचा, परक्यासारखा, नीट मोजून. गाव बघायचं. चहावाला एकदा म्हणाला, "शेठ, तुमचा भाचा ना तो? काही भांडण झालंय का?" मी म्हटलं, "नाही रे, प्रेमच जास्त झालंय."

त्याची शिस्त मात्र बघण्यासारखी. दांडी कानाला लावत नाही. दोन्ही कडी, रोज पुसून. व्याह्यांचे नवे डबे पहिल्याच फेरीत पास केले. व्याही मला रस्त्यात थांबवून म्हणाले, "तुमचा भाचा चांगला आहे हो. तुमच्यावर गेला नाही." नवे डबे पास आणि त्यावर लावायला खटका नाही, कारण खटका माझा आणि माझा लॉट बाहेरच्या अधिकाऱ्याची वाट बघत गोदामात. तो अधिकारी बरा झाला होता, पण आमच्या गावाच्या आधीच्या गावात पुन्हा आजारी पडला. बावीस माणसं पुन्हा मशीन पुसू लागली. जुना फिटर या वेळी विचारायलाही आला नाही. त्याची बायको मामीकडे येऊन रडून गेली.

मग एका दुपारी मी नियमांचं पुस्तक मागवलं. तुझ्या मुलाकडे नाही, ऑफिसातल्या बाईकडे, पावती घेऊन. नातेवाइकांची यादी वाचली. आई, वडील, भाऊ, मामा, मामी, आत्या, सगळे आहेत. मामेबहिणीचा सासरा कुठेच नाही. ज्याने ही यादी केली त्यानेही लेक दिलेली असणार. व्याही हा नातेवाईक नसतो हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

संध्याकाळी व्याह्यांकडे गेलो. म्हटलं, "यापुढे मी सरकारला काही विकत नाही. खटका तुम्ही तुमच्या नावाने सरकारला द्यायचा, डब्यासकट. मी तुमच्यासाठी कातून देईन. लोहाराकडून डबा उचलायच्या कड्या घेता तसं."

त्यांना कळायला वेळ लागला. मग वर्तमानपत्राची घडी घातली.

"आणि ठसा?"

"तुमचा घाला."

"तुमचा पुसणार?"

"दुकान चालवायचं की पाटी?" मी म्हटलं. बोलून गेलो खरा, पण ताई, तो ठसा मी स्वतः छिन्नीने कोरला होता, पहिल्या लेथचा पहिला हप्ता फेडल्याच्या दिवशी. तो काढून ठेवायला मी दुसऱ्या कुणाला सांगितलं नाही. स्वतः काढला.

व्याही म्हणाले, "भाव मात्र मी ठरवणार." भांडलो. जुन्या जोमाने भांडलो. लेक मधे पडली नाही, दारातून ऐकत हसत होती. शेवटी त्यांनी दोन पावलं मागे घेतली आणि मी चार.

सगळं खुलं आहे. कोण काय करतं हे लिहून ऑफिसात दिलं, तुझ्या मुलाने ते वर पाठवलं, वरून उत्तर आलं की असा पुरवठादार यादीत नाही, सबब हरकत नाही. यादीत नाही! तीस वर्षं जिथे नाव होतं तिथून असं सुटलो. जुन्या फिटरला बोलावून सोमवारपासून पूर्ण आठवडा म्हणून सांगितलं. त्याने लेथचं चाक हाताने एकदा फिरवून बघितलं आणि घरी गेला.

काल पहिले डबे तपासून झाले. आणि संध्याकाळी तुझा मुलगा दारात उभा. पुरवठादाराच्या घरी पाणी प्यायचं नाही, आणि मी आता पुरवठादार नाही, असं त्याने दारातच, आत पाऊल टाकायच्या आधी, समजावून सांगितलं. मामीने त्याला बोलू दिलं नाही. ओढून पानावर बसवलं. वाळलाय गं. पण जेवला, काळजी करू नकोस, दोनदा मागून घेतलं.

मी समोर बसलो होतो. विचारावं की नाही समजेना. त्याने हात धुतले, पुसले, आणि माझ्याकडे न बघता, अगदी ऑफिसच्या आवाजात म्हणाला, "आज त्या डब्यांवरचे खटके पाहिले. इतका नेमका माल मी कुठल्याच गावात पाहिला नाही. कोण बनवतं?"

मामी माझ्याकडे बघत होती.

"व्याही बनवतात," मी म्हटलं.

तुझा भाऊ